वळणावरचा दगड

सिंगापूर,
१२ ऑगस्ट २०१८

ती. आई,
तुझ्या पायांवर डोकं ठेवतो.

मी शिडीवरून पडलो हे माझ्या खोलीतल्या रूपेशनं तुला फोनवर सांगितलं म्हणे. त्याच्या पोटात काही राहत नाही. पाय आता बरा आहे. जहाजं रंगवायचं काम परत सुरू झालंय, सध्या खाली उभं राहूनच.

खोटं वाटत असेल तर ऐक. आज सुट्टी होती, तर इथला सगळ्यात उंच डोंगर चढून आलो. बुकित तिमाह त्याचं नाव. वरपर्यंत डांबरी रस्ता आहे, म्हाताऱ्या बायका छत्री घेऊन चढतात. त्यांच्यामागून मीपण पोचलो.

पण वर आपल्या डोंगरासारखं उघडं पठार, सडा नाही गं. नुसती झाडी, वारा नाही. डोळे मिटून बसलो तर आपला सडा दिसला. काळा कातळ, खळग्यांत साठलेलं पाणी, कडेला पिवळी सोनकी. ढग अंगावरून चाललेला, अन् कपिला गाय त्यात शिरली की नुसती तिची घंटा ऐकू येते. किती वेळ बसलो कळलं नाही.

ओढ्यापासून सड्यावर जाणारी पायवाट अजून आहे का? की गाडीरस्ता झाल्यापासून कुणी चालतच नाही? आबांनी कातळात खोदलेल्या पायऱ्या बुजू देऊ नका. मला त्याच वाटेनं वर जायचंय.

दादाला सांग, पायऱ्या संपतात त्या वळणावर बसायला एक रुंद दगड लावून ठेव म्हणावं. तुझ्या गुडघ्यांसाठी म्हणतोय.

दोघांना पुरेल एवढा असू दे.

तुझा,
प्रल्हाद