घटकागार

अमरावती, पौष, शके १७८६

माय, तुह्या पायावर डोकं ठेवतो.

मी खुशाल आहो. भाकर पोटभर भेटते, बैलंही धडधाकट आहेत.

इथल्या कापसाच्या दलालाइले घटकागार नावाचा गोटा सापडला. मुठीत दाबला का सरलेली घटका माघारी येते. देवानं असं रत्न देल्लं, अन् हे बयताड काय करतेत? रुमालाखाली बोटं धरून भाव ठरवतेत, मंग पस्तावतेत अन् गोटा दाबतेत. काल आपला कापूस सात खेपा विकला! सूर्य बिचारा जागच्या जागी. सातव्या खेपेलेही पहिलाच भाव ठरला. असे हे शायने!

तुहा खोकला कसा आहे? शेगडी जवळ ठेवत जाय.

त्याइच्या भांडनात एकाच्या हातचा गोटा खाली पडला, तो म्या उचलला. लय दाबला, माय. पन तो एका घटकेच्या मांगं जातच नाई. घरून निंगताना दारात तुले म्हनलो होतो, ‘तू मेली तरी येनार नाई.’ त्याले वीस दिस झाले. गोटा त्याइच्याच अंगावर फेकला.

गुरुजी, तुमी मायले पत्र वाचून दाखवता, तर एवढं मोठ्यानं वाचा, शेजारपाजार आयकू द्या: उकंडा चुकला.

गाडी जुंपली आहे. परवा पोचतो. तवर तू थांबजो, माय.

तुहाच,
उकंडा