एक्स्ट्रॅक्टरची स्प्रिंग

७ सप्टेंबर, रविवार

हरवली! तांदळाच्या दाण्याएवढी स्प्रिंग, आणि माझ्याच हातून गेली. बावीस वर्षं फौजेत आर्मरर म्हणून काढली. हत्यारं खोलायची, पुसायची, जोडायची, हाच धंदा. एक पिन कधी इकडची तिकडं झाली नाही. आणि आज स्वतःच्या घरात, पोरीच्या पिस्तुलाची स्प्रिंग घालवली.

नीट क्रमानं लिहितो, म्हणजे डोकं ताळ्यावर येईल.

दर पंधरा दिवसांनी प्रतीक्षा पुण्याहून येते, तेव्हा तिच्या पिस्तुलाची सफाई मी करतो. पॉइंट टू-टू, स्पर्धेचं. परवाना तिच्या नावावर, म्हणून पेटीचं कुलूप ती काढते आणि काम होईस्तोवर समोर बसते. मॅगझिन बाहेर, स्लाइड मागं, आत गोळी आहे का ते मी बघायचं, मग तिनं बघायचं. दोघांनी ‘खाली’, म्हणजे रिकामं, म्हणल्याशिवाय पुढं हात लावायचा नाही. मग नळीत ब्रश, मग चिंद्या. टू-टूची गोळी घाण लई करते — मेण, शिसं, काजळी. पहिली चिंदी तव्याच्या बुडासारखी काळी निघते. सहावी पांढरी निघाली की मला बरं वाटतं. अंघोळ केल्यासारखं.

आज दोन चुका केल्या. फौजेत हत्यार पांढऱ्या फडक्यावर खोलतात, काही पडलं तर दिसावं म्हणून. माझं फडकं पावसानं चार दिवस वाळलंच नव्हतं. म्हणून बायकोची, जानकाची, गोदडी अंथरली. तिच्या जुन्या लुगड्यांची. लाल, हिरवी, ठिपक्यांची, फुलांची. त्यावर हत्ती हरवला तरी दिसणार नाही.

दुसरी चूक, एक्स्ट्रॅक्टर काढला. गोळी उडाली की रिकामा खोका ओढून बाहेर फेकणारी ती नखी. प्रतीक्षा म्हणाली, “पप्पा, ते राहू द्या. पुस्तकात वर्षातून एकदाच लिहिलंय.” मी म्हणलं, “पुस्तक लिहिणारा येडगावात राहिलाय का? इथली धूळ त्याला काय माहीत?” पिन सरकवली. हात हलला. टिंग —

पिन भांड्यांच्या फडताळाखाली गावली. आवाज तिथूनच आला होता. स्प्रिंग नाही. गोदडी तीनदा झटकली. नाही.

येत्या रविवारी मुंबईला राज्याची स्पर्धा. स्प्रिंगशिवाय खोका आतच अडकणार. कंपनी परदेशातली, नवी मागवली तर महिना. क्लबाचं पिस्तूल मिळेल, पण त्याची मूठ तिच्या पंजाची नाही. ह्याची अक्रोडाची मूठ मी स्वतः दोन महिने कानस मारून तिच्या हाताला बसवली आहे. चार वर्षं ती ह्याच मुठीवर शिकली.

तिनं उघडं पिस्तूल पेटीत ठेवलं, कुलूप लावलं, पेटी लोखंडी कपाटात. “जेवून घ्या, पप्पा.” शिव्या दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

‘हात हलला’ असं वर लिहिलं आहे. ते खोटं नाही, पण अर्धं आहे. हात वर्षभर हलतोय. नारायणगावच्या डॉक्टरनं जूनमध्ये सांगितलं, “घाबरण्यासारखं काही नाही भिमाजीराव, पण बारीक कामं आता दुसऱ्याला द्या.” घरात सांगितलं नाही. चहाचा कप दोन्ही हातांनी धरतो, म्हणतो गार वाजतंय. दुसऱ्याला द्या! हे सोडलं तर माझ्याकडं पोरीला द्यायला आहे काय?

८ सप्टेंबर, सोमवार

प्रतीक्षा सकाळच्या गाडीनं बालेवाडीला सरावाला गेली. परवा येते म्हणाली.

शेजारचा कुशाबा पाण्याच्या जळालेल्या मोटारी नवी तार गुंडाळून भरतो. त्याच्याकडून लोहचुंबक आणलं, दोरीला बांधलं आणि घरभर फिरवलं. काय काय चिकटलं — जानकाच्या केसाच्या पाच पिना, पोलक्याचे हूक, बुटाचा खिळा, आणि दोन वर्षांपूर्वी जिच्यावरून भांडण झालं ती दाभण. जानका खूश. म्हणते, “तुमची स्प्रिंग गावू न्हाईतर नको, माझी दाभण गावली बया.”

फडताळ ओढलं. डबे काढले. पीठ चाळलं, तांदूळ निवडले. चुंबक फरशीच्या प्रत्येक फटीतून दोनदा.

कुशाबा दारात उभा राहून बघत होता. “भाऊ, येवढीशी स्प्रिंग. मोटारीतली दिऊ का एक कापून?”

“तुझ्या मोटारीला माझी विळी लावू का?” म्हणलं. उगाच बोललो. चांगला माणूस आहे.

९ सप्टेंबर, मंगळवार

नाही.

जानका सांजच्याला म्हणाली, “तुमचं हात कापत्यात, मला दिसतंय. पोरीलाबी दिसतंय.” मी म्हणलं, काही कापत नाहीत. ती म्हणाली, बरं. आणि कप अर्धाच भरून दिला.

१० सप्टेंबर, बुधवार

गावली गावली गावली!

आधी ते लिहिलं. आता श्वास घेतो.

प्रतीक्षा दुपारच्या एसटीनं आली. दमलेली. हातपाय धुतले, आत फडताळापाशी जाऊन तांब्यानं पाणी प्यायली, मग माझ्याशेजारी ओट्यावर बसली. मी म्हणलं, “पोरी, मी नाही शोधू शकलो. क्लबाच्या पिस्तुलावर हात बसव. चार दिवस आहेत.” हे बोलायला मला दोन दिवस लागले होते.

ती म्हणाली, “ऊन चांगलं पडलंय. फडताळाखाली एकदा परत बघा ना. उजेडात दिसेल.”

“तिथं चुंबक चारदा फिरलंय.”

“बघा तर.”

तिचं मन राखायचं म्हणून उठलो. पालथा पडलो, चष्मा नाकावर, गाल फरशीला. आणि फडताळाच्या मागच्या पायाशी, भिंतीला टेकून, बसली होती! मला हसू यावं का रडू, कळेना. थोडं दोन्ही आलं. चुंबकाच्या डोळ्यादेखत कशी राहिली, देव जाणे. देव मी मानत नाही, पण जाणत असेल तर तोच. तेल सुकून अगदी कोरडी झाली होती. धुळीनं ओढलं असणार.

जानकाला हाक मारली, कुशाबाला हाक मारली. कुशाबा म्हणाला, “आता पेढं काढा राव.” गूळ होता, गूळ दिला.

मग पांढरं फडकं, कडक वाळलेलं, खळ्यासारखं साफ. प्रतीक्षानं कुलूप काढलं. दोघांनी बघितलं, दोघांनी ‘खाली’ म्हणलं. स्प्रिंग चिमट्यात धरली तर चिमटा नाचायला लागला. दोनदा सुटली, पण फडक्यावरच. ती म्हणाली, “पप्पा, तुम्ही स्लाइड घट्ट धरा, मी पिन सरकवते.” सहज म्हणाली, मीठ द्या म्हणावं तसं. मी धरली. तिनं स्प्रिंग बसवली, नखी दाबली, पिन सारली. तिचे हात माझ्या बापासारखे आहेत, तो भिंत बांधताना ओळंबा धरायचा तसे — हलायचं नाव नाही.

फौजेत जोडून झालं की घोडा दाबून बघतात. टू-टूला रिकामं हाणायचं नसतं, ठोक्याची पिन नळीच्या कडेवर आपटते. म्हणून तिची प्लास्टिकची नकली गोळी घातली, स्लाइड मागं ओढली. नखीनं गोळी उचलून बाहेर फेकली ती थेट जानकाच्या परातीत. एवढा चांगला आवाज मी वर्षात ऐकला नव्हता.

११ सप्टेंबर, गुरुवार

झोप लागली. साडेसहाला उठलो. धरणाच्या बांधावर फिरून आलो. पाणी काठोकाठ. माझ्या डोक्यावरचा दगड उतरला, बाकी जग होतं तिथंच आहे.

डॉक्टरला काय कळतं! स्प्रिंग गेली, पण शोधलीही मीच ना? डोळे शाबूत आहेत.

१३ सप्टेंबर, शनिवार

ती मुंबईला गेली. निघताना जयभीम केलं, म्हणाली, “पप्पा, काळजी करू नका. पिस्तूल एकदम ओके आहे.” मी म्हणलं, मी जोडलेलं आहे. ती हसली. मग आठवलं, तिनं जोडलंय. असो. धरलं होतं मी.

१४ सप्टेंबर, रविवार

सकाळपासून फोनकडं बघत बसलो. जानकानं मेथी निवडायला दिली. काड्या पातेल्यात आणि पानं केरात टाकली, तेव्हा काढून घेतली.

दोन वाजता फोन. “पप्पा, सहाशेत पाचशे बासष्ट!” मी पहिलं विचारलं, “अडकलं का कुठं?” ती म्हणाली, “साठच्या साठ खोके बाहेर. एकदा पण नाही.” पुढच्या फेरीत गेली. मग म्हणाली, “आमच्या सरांनी विचारलं पिस्तुलाचं काम कोण बघतं. मी म्हणलं, माझे पप्पा.”

फोन जानकाकडं दिला आणि मागच्या दारी गेलो. डोळे पुसले. हात लई कापत होते, कापू दिले.

१६ सप्टेंबर, मंगळवार

सलूनमध्ये सांगितलं. दूध डेअरीवर सांगितलं. चिमाजी गुरुजींना भर रस्त्यात थांबवून सांगितलं — तीन दिवस शोधली, पण हार मानली नाही, आर्मरर म्हणजे आर्मरर. गुरुजी म्हणाले, “भिमाजी, फौजेनं तुम्हाला उगाच सोडलं.” मला खरंच वाटलं. घरी येऊन आरशात बघितलं, छाती बाहेर.

ठरवलं आहे, पुढच्या वेळी परत एक्स्ट्रॅक्टर खोलायचा. पांढऱ्या फडक्यावर. भीती मोडली पाहिजे.

१९ सप्टेंबर, शुक्रवार

जानकानं दसऱ्याची धुणी काढली आहेत. घरातलं अंथरूण-पांघरूण सगळं धरणाच्या पाण्यावर. गोदड्या ओल्या झाल्या की तिला एकटीला पिळत नाहीत, म्हणून मी बरोबर गेलो.

लुगड्यांची गोदडी भिजवायच्या आधी तिनं काठ चाचपला. कोपऱ्याचा टाका उसवलेला, तो घालून मग धुवायची होती. “आगं आय —” म्हणाली आणि बोट तोंडात घातलं. “काय टोचलं बघा हो.”

उसवलेल्या टाक्यातून दोन थरांच्या मधे बोट घातलं. तांदळाच्या दाण्याएवढी. तेलानं माखलेली. एका टोकाला काजळी, शिशाचा बारीक कण, त्या दिवशी माझ्याच हातून लागलेला.

काठावरच्या दगडावर बसलो. जानका म्हणाली, “आता दुसरी गावली व्हय? किती व्हत्या?”

“एकच होती,” म्हणलं.

ती माझ्याकडं बघत राहिली. मग तिला कळलं. टाका घातला, गोदडी धुतली आणि तिचं एक टोक माझ्या हातात दिलं. दोघांनी पिळली.

कुणाकडून आणली असेल पोरीनं, किती जणांच्या पाया पडून. एसटीत तीन तास मुठीत धरून आणली असेल. आणि पाणी प्यायच्या निमित्तानं फडताळाच्या पायाशी ठेवून दिली, बापाला गावावी म्हणून.

मला वाटलं होतं लाज वाटेल. वाटली, थोडी. त्याच्याहून जास्त, मोकळं वाटलं. वर्षभर कप दोन्ही हातांनी धरत होतो. कुणापासून लपवत होतो मी?

संध्याकाळी फोन केला. स्प्रिंगचं काही बोललो नाही. म्हणलं, “रविवारी येशील तेव्हा पिस्तूल तू खोल. मी समोर बसतो. ‘खाली’ मात्र दोघांनी म्हणायचं.”

 ती म्हणाली, “बरं, पप्पा.” आणि मग, “फडकं वाळलंय ना?”

वाळलंय म्हणलं. स्प्रिंग ह्या पानाला चिकटपट्टीनं लावून ठेवली आहे.