समोर काढलेला कॅल्क्युलेटर

इस्लामपूर, गुरुवार, १८ मार्च १९९९

मी येडीच. चार दिस गल्लीभर सांगत सुटले, मास्तरांचं डोकं ठिकाणावर आलं म्हणून.

अर्धांगाचा झटका आला तवा डॉक्टर म्हणाले, बाई, रोज पाढे विचारा, परत येतायत का बघा. जन्मभर शाळेत पोरांकडनं पाढे घोकून घेतलेला माझा नवरा, त्याला सात नवे येईना. आणि सोमवारपास्नं सगळं बरोबर. विचारलं की म्हणायचे, "थांब, चष्मा आणतो." आतल्या खोलीत जायचे आणि येऊन आकडा सांगायचे.

आज मी त्यांच्या मागनं गेले. आत लेकीचा, शैलाचा, लग्नपत्रिका टाइप करायचा कॉम्प्युटर हाय. मास्तरांनी पडद्यावरच्या एका बारक्या चित्रावर दोनदा टिचकी मारली, कॅल्क्युलेटर उघडला. सात, नऊ, त्रेसष्ट.

शैलाला धरलं. म्हणाली, "आई, बाबाच म्हणाले रविवारी, चार ठिकाणी दाबत जायचं ध्यानात ऱ्हात न्हाई, चालू केल्या केल्या दिसंल असं समोर काढून दे. दिलं मी."

"पूस ते चित्र."

"ऱ्हाऊ दे गं. तुझ्यासाठीच करतायत ते."

माझ्यासाठी? का मी ओरडती म्हणून? ओरडतीच मी. चष्मा आणतो म्हणायचे, तवाच कळाया पायजे होतं.

जेवायच्या आधी म्हटलं, लय सोपं विचारू, उठायलाच लागू नये. "बे दुणे?"

मास्तर उठले. "थांब, चष्मा आणतो."

चष्मा डोळ्यावरच होता.