फिर्मिनचा उघडाबंब मेंढपाळ

मातेर, मंगळवार

ती. गोदेलीव्हताईस, धाकट्या रेमीचा मनापासून नमस्कार.

मी इकडे ठणठणीत. तुझा गुडघा काय म्हणतो? तू ओस्टेंडला निघालीस तेव्हा डॉक्टर समुद्राच्या हवेचं मोठं कौतुक करत होता, पण मी एकतीस वर्षं अग्निशमन दलाचं भांडार सांभाळलंय आणि समुद्राच्या हवेने पितळी नळाचं काय होतं ते मला ठाऊक आहे, तेव्हा गुडघ्याला लोकर गुंडाळून ठेव. तू गाव सोडून सहा वर्षं झाली आणि तेवढ्या काळात आपल्यात नाताळच्या कार्डाखेरीज काही लिहिणं झालं नाही. त्याची कारणं उगाळायची ही जागा नव्हे (माझी बाजू तुला माहीत आहेच). आज लिहितोय ते निव्वळ तुझ्या ज्ञानात भर पडावी म्हणून. तसं गुरुवारी क्लबात हिवाळ्याच्या जोड्यांची नावं द्यायची आहेत आणि माझ्याकडे एक भिडू सोडला तर सगळं तयार आहे, पण ते पुढे येईलच.

आपला व्हिस्टचा क्लब आता व्हिस्टचा राहिलेला नाही. तू होतीस तेव्हा आपण अठ्ठावीस जण होतो. गेल्या वर्षी नऊ उरलो, त्यातल्या दोघांना पत्ते दिसत नव्हते आणि एकाला दिसायचे पण हुकूम कुठला ते आठवायचं नाही. मग त्या नवांतल्याच फिर्मिनच्या पायाचं बँडेज बदलायला घरी येणारी नर्स, लोबके (सव्वीस वर्षांची आहे, सायकल चालवते ती आग लागल्यासारखी), ती एका गुरुवारी कॅफेत एक खोकं घेऊन आली. 'राखेची राज्यं' नावाचा पत्त्यांचा खेळ. चेटकिणी, लांडगे, ड्रॅगन असला सगळा मामला. फिर्मिन म्हणाला, ड्रॅगन बघायचं आपलं वय आहे का, आणि पुढच्या गुरुवारी तोच आपले साठच्या साठ पत्ते प्लास्टिकच्या पाकिटांत घालून सगळ्यांच्या आधी टेबलाला बसला होता. आता आम्ही अकरा जण आहोत. लोबके क्लबाची सेक्रेटरी आहे आणि दर गुरुवारी खेळाआधी सगळ्यांचा रक्तदाब मोजणं हा कार्यक्रमाचाच भाग झालाय.

खेळ सोपा आहे. प्रत्येकाचा साठ पत्त्यांचा आपला स्वतःचा गठ्ठा. त्यात काही पत्ते शिलेदारांचे, जे टेबलावर उभे राहून लढतात, आणि काही साजाचे, म्हणजे तलवार, ढाल, चिलखत, बूट, जे त्या शिलेदारांच्या अंगावर चढवायचे. प्रत्येक डावात तुला काही ठिणग्या मिळतात, त्या खर्चून ही पानं खाली ठेवायची. सगळा क्लब शिलेदारांच्या मागे वेडा. ज्याला त्याला मोठ्यात मोठा राक्षस हवा. मी मात्र पहिल्याच दिवशी ओळखलं की हा खेळ साजाचा आहे. कारण शिलेदार मेला की गेला, पण त्याची तलवार टेबलावर राहते आणि मागचा माणूस ती उचलतो. ही गोष्ट भांडाराच्या माणसाला समजावून सांगावी लागत नाही. माणसं बदली होतात, हेल्मेट खुंटीवर असतं.

पहिल्या दोन महिन्यांत एक चूक झाली ती मी मोकळ्या मनाने कबूल करतो, कारण ती माझी नव्हती, व्हिस्टची होती. आपण लहानपणापासून काय शिकलो? हुकूम शेवटपर्यंत दाबून ठेवायचा आणि बाकीच्यांचे हात खिळखिळे झाले की टेबल हलेल असा आपटायचा. तर मी वीजधार नावाची तलवार (माझ्या साठ पत्त्यांत तिच्या तोडीचं पान नाही) हातात दाबून बसायचो. लोबकेचे लांडगे येऊन माझा पूलरक्षक शिलेदार खाऊन जायचे, मग गिरणीवाली, मग घंटावाला, आणि मी आपला मिशीत हसतोय की येऊ दे, अजून येऊ दे. शेवटी तलवार काढायचा तो मोठा क्षण यायचा तेव्हा ती धरायला माझ्या बाजूला कोणी शिल्लकच नसायचं. रिकाम्या मैदानात तलवार ठेवता येते, ताई, नियमात बसतं ते. ती तिथे पडून राहते, बस. असे सहा गुरुवार गेले. सातव्याला लोबके म्हणाली, "रेमीकाका, त्या तलवारीचं काय लोणचं घालणार आहात?" सगळा कॅफे हसला. मी चीजचा तुकडा मोहरीच्या चटणीत बुडवून शांतपणे खाल्ला, कारण ज्याला विषय कळतो तो चिडत नाही (चिडलो ते घरी येऊन).

मग मी पद्धत बदलली. साज लवकर काढायचा आणि काढला की चढवायचा. पुढच्या गुरुवारी पूलरक्षकाला तलवार दिली, ढाल दिली, ड्रॅगनच्या कातड्याचं चिलखत दिलं, शिरस्त्राण दिलं आणि दलदलीत न रुतणारे बूटही दिले. पाच पानं त्याच्याखाली अशी खोचली की तो पूल राखायला निघालाय की लग्नाला तेच कळेना. चार डाव मी मिळेल ती ठिणगी त्याच्याच अंगावर घातली. लोक बिअरचे ग्लास हातात घेऊन माझ्या टेबलाभोवती उभे राहिले, आणि खोटं कशाला सांगू, मला फार बरं वाटलं. तेवढ्यात लोबकेने एक फुटकळ पान टाकलं. चित्रात नुसता बेडूक. माझा पूलरक्षक बेडूक झाला. बेडकाला साज चालत नाही, म्हणून पाचही नग धाडकन जमिनीवर, आणि ते पुन्हा उचलून घालायला माझ्याकडे ना ठिणगी उरली होती ना माणूस. बेडूक मात्र सामना संपेपर्यंत जिवंत होता. त्याला मारायची गरज कोणाला वाटली नाही.

यातून मी जे नियम काढले ते तुझ्यासाठी इथे लिहून ठेवतो, कारण बेल्जियमभर इतक्या स्वच्छपणे ते कोणी मांडले असतील असं मला वाटत नाही. बूट आधी आणि तलवार नंतर, कारण स्वस्तातला साज पहिल्या डावापासून राबतो आणि महागडा नुसता वाट बघायला लावतो. सगळ्यात थोराड शिलेदाराला सजवू नये, त्याच्यावर आधीच सगळ्यांचा डोळा असतो, मधल्या कोणालातरी सजवावं. एकाच्या अंगावर दोन नग, तिसरा चढवायचा मोह झाला तर उठून लघवीला जाऊन यावं. समोरच्याच्या हातात किती पत्ते आहेत ते मोजल्याशिवाय चिलखत बाहेर काढू नये. आणि साठात साजाची पानं नऊच ठेवावीत, दहावं घातलं की हातात टोप्याच टोप्या येतात आणि डोकं येत नाही. (हे मी क्लबात मोठ्याने म्हटलं तेव्हा फिर्मिन म्हणाला, "ते तुझ्याकडे बघितलं तरी कळतं.")

आता जोडीच्या खेळाचं सांगतो. हिवाळाभर आम्ही जोडीनेच खेळतो. दोन भिडू, शिलेदार ज्याचे त्याचे, पण साज दोघांच्या मध्ये सामाईक, आणि अर्जावर ज्याचं नाव पहिलं तो ठरवतो की कुठला नग कोणाच्या माणसाला द्यायचा. गेल्या महिन्यातल्या सराव सामन्यांना फिर्मिन आणि मी अशी जोडी होती. पहिलं नाव अर्थातच माझं. एकतीस वर्षांत मी सही घेतल्याशिवाय एक हातमोजा बाहेर सोडलेला नाही, मग हे काम दुसऱ्या कोणाला जमणार? चार सामने झाले. त्या चार सामन्यांत मी फिर्मिनच्या माणसांना काय काय दिलं ते लोबकेने वहीत लिहून ठेवलंय: एक शिटी.

चौथा सामना निनोव्ह गावच्या जोडीशी होता. त्यांचा ड्रॅगन नेमका फिर्मिनच्या समोर उतरला. फिर्मिनकडे एकुलता एक मेंढपाळ, आणि मधल्या जागेत ढाल आयती पडलेली. फिर्मिन माझ्याकडे झुकून हळूच म्हणाला, "रेमी, माझा मेंढपाळ उघडाबंब उभा आहे रे. ती ढाल तरी दे."

मी म्हटलं, "थांब जरा. ढाल पुढे लागेल."

"कोणाला?"

"लागेल कोणालातरी."

मेंढपाळ जळाला. आम्ही हरलो, आणि ढाल शेवटपर्यंत जागच्या जागी होती, तिच्यावर ओरखडासुद्धा नाही. फिर्मिनने आपले पत्ते गोळा केले, टोपी घातली, दारापर्यंत गेला आणि वळून म्हणाला, "भांडार बंद झालंय, रेमी. तू निवृत्त झालास. कोणीतरी तुला सांगायला हवं होतं."

तर असा मी भिडूवाचून राहिलोय. फिर्मिनने निनोव्हला राहणाऱ्या आपल्या मेव्हण्याबरोबर नाव देऊन टाकलं. मी आणखी तिघांना विचारलं. एकाचा कान दुखतोय. दुसऱ्याची गाय व्यायला झालीय (त्याने गाई विकून नऊ वर्षं झाली). तिसऱ्या बाईंनी माझ्याकडे नुसतं बघितलं आणि सूप मागवलं. ज्याला जोडी नाही त्याने मार्चपर्यंत घरी बसायचं असा क्लबाचा नियम आहे (सुचवलेला मीच, तेव्हा मला जोडी होती). मी घाबरलोय असं समजू नकोस. साजातलं माझ्याइतकं कळणारा माणूस औडेनार्डेपर्यंत शोधून सापडणार नाही, लोकांना आज ना उद्या ते उमगेल. फक्त एवढंच आहे की बुधवारी मी गुरुवारसाठी पत्ते लावतो आणि शुक्रवारी गुरुवारबद्दल चिडतो, आणि मधला गुरुवार काढून घेतला तर माझ्या आठवड्यात काही राहत नाही, ताई. अजिबात काही राहत नाही.

असो. गुडघा जप, आणि खिडकीपाशी बसतेस तेव्हा पायाखाली काहीतरी घेत जा.

तुझा,
रेमी

ता. क. गेंटला गाडी बदलली की ओस्टेंडहून औडेनार्डेला यायला दोन तास पुरतात. गुरुवारी दुपारी मी गाडी घेऊन स्टेशनवर उभा राहू शकतो, मला काही काम नसतं. तू सव्वीस वर्षं माझी व्हिस्टची भिडू होतीस, हा खेळ तुला महिन्याभरात येईल. हे सहज लिहिलं.

ता. क. वर दिलेले नियम शंभर टक्के बरोबर आहेत. त्यातला एकही मी अजून पाळलेला नाही, पण त्याने नियमांना कमीपणा येत नाही.

ता. क. तू गाव सोडलंस त्या वर्षीच्या जत्रेत, व्हिस्टच्या स्पर्धेत, तुझा बदामचा एक्का मी हुकमाने मारला, तो हुकूम पुढे कमी पडला आणि आपण हरलो. सहा वर्षं मी गावभर सांगत आलो की एक्का तू उशिरा टाकलास. तू उशिरा टाकला नव्हतास. हात आपलाच होता. मला तो माझ्या पानाने जिंकायचा होता. मेंढपाळ जळत होता तेव्हा मला हे एकदम कळलं, आणि तरी मी ढाल दिली नाही. माफ कर, ताई.

ता. क. (गुरुवार, संध्याकाळ) पत्र टाकायचं राहूनच गेलं होतं. आज लोबकेने अर्ज पुढे केला. तुझ्या उत्तराची वाट बघायला वेळ नव्हता (उत्तर येण्यासाठी आधी पत्र टाकावं लागतं हे मान्य), म्हणून तुला न विचारता तुझं नाव देऊन टाकलंय. रागवायचं असेल तर ये आणि समोर बसून रागव. अर्जावर पहिलं नाव तुझं आहे, दुसरं माझं. लोबकेने तो अर्ज दोनदा वाचला, आणि माझी नाडी पाहिली.