बेन्नो के. यांस द्यावे

ऑयटिन
१० नोव्हेंबर १९८१

ती. हार्टमूटदादास,
स. न. वि. वि.

पेपरात तुझा फोटो पाहिला. नव्या वर्षापासून अख्ख्या मासिक विभागाचे प्रमुख हार्टमूट काल्वाइट, असं ठळक छापलंय. टाय वाकडा आहे. घरात बायको असती तर सरळ केला असता, पण ते आता सोडून दे, घोडनवरा म्हणायचंही वय उलटलं तुझं. औषधाच्या दुकानात माझा भाव मात्र वाढलाय. कालपासून गिऱ्हाइकं गोळ्या कमी नि तुझी चौकशी जास्त करतात.

आईची तब्येत म्हणशील तर डॉक्टर मान हलवतात. हृदय थकलंय, उन्हाळा दिसेल असं खात्रीने सांगता येत नाही, असं त्यांनी मला बाजूला घेऊन सांगितलं. तिला मात्र एकच काळजी. रविवारी तू येऊन गेलास, तिने मोहरीच्या रश्शातली अंडी केली होती आणि तू नेहमीसारखं एक खाऊन उठलास. ती वाडगं धरून बसलेली असते रे! घ्यावं एखाद्या वेळी दुसरं. मोठ्या कचेरीत बसणारी माणसं उपाशी राहतात अशी तिची समजूत आहे.

आता ज्यासाठी पत्र लिहायला बसले ते. काल तिचं कपाट आवरताना बिस्किटांचा जुना डबा उघडला. वरच पाच कात्रणं होती, सगळी तुझ्या मासिकांतल्या वाचकांच्या पत्रांची. १९५६ साली एक पंधरा वर्षांचा मुलगा सायकलबद्दल लिहितो. बासष्टमध्ये तोच टीव्हीच्या कार्यक्रमांबद्दल, सदुसष्टमध्ये नव्या संसारातल्या पडद्यांबद्दल, एकाहत्तरमध्ये मुलीच्या गोवराबद्दल आणि सत्त्याहत्तरमध्ये बागेतल्या घेवड्याबद्दल. गाव दर वेळी वेगळं, सही एकच: बेन्नो के. सायकलच्या पत्रात तर लिहिलंय की लहानपणी माझ्याकडे चाकांचं लाकडी बदक होतं, त्याचं डोकं मी चावून टाकलं होतं.

दादा, मी ते पुन्हा पुन्हा वाचलं. आपल्या बेन्नोचं बदक! युद्धात घर सोडून पळताना श्टोल्पच्या स्टेशनवर हरवला तेव्हा साडेतीन वर्षांचा होता, वयही जुळतं. आईने सदतीस वर्षांत त्याचं नाव घेतलेलं मला आठवत नाही आणि ही कात्रणं मात्र जपून ठेवलीत. तो जिवंत आहे का? तुझ्या कचेरीत पत्ता असेलच. आई आहे तोवर शोध.

उत्तर लगेच दे. तुझ्या नव्या खुर्चीपेक्षा जुनी माया मोठी असू दे.
तुझी
ट्राउडेल


हॅम्बर्ग
१७ नोव्हेंबर १९८१

चि. ट्राउडेल हिस,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र आठवडाभर खिशात घेऊन फिरतोय. आज दार लावून बसलो आहे.

बेन्नो के. नावाचा वाचक नाही. ती पाचही पत्रं मी लिहिली.

आमच्या धंद्यातली एक रीत तुला सांगतो. नव्या मासिकाच्या पहिल्या अंकात वाचकांची पत्रं असावीच लागतात, पण अंक निघायचा असतो तेव्हा वाचक कुठून आणणार? मग कचेरीतलीच माणसं ती लिहितात. छप्पन्न साली मी बावीस वर्षांचा उमेदवार होतो. संपादकांनी दुपारी फर्मान सोडलं की संध्याकाळपर्यंत सहा वाचक जन्माला घाल. पाच घातले. सहाव्याला नाव सुचेना आणि हाताने आपोआप बेन्नो लिहिलं. तो अंक भराभर खपला, मला बढती मिळाली. तेव्हापासून मी सुरू केलेल्या प्रत्येक मासिकात पहिल्या अंकातलं एक पत्र मीच लिहितो. चौऱ्याहत्तर साली ठरवून लिहिलं नाही, तर ते फॅशनचं मासिक सात महिन्यांत बुडालं. कचेरीत सगळे हसतात, काल्वाइटसाहेबांचा टोटका म्हणतात. टोटका नाही ग. मला त्याचं वय वाढवावंसं वाटतं. त्याला मी बायको दिली, मुलगी दिली, घेवडा दिला. मी बंद केलेल्या मासिकांतून चाळीस माणसं घरी गेली, त्यांतल्या निम्म्यांची नावं मी विसरलो. बेन्नोच्या मुलीला गोवर कोणत्या महिन्यात आला ते मात्र मला पाठ आहे. खरं तर मला त्याची भीती वाटते. पत्र लिहून झालं की वाटतं, तो मागे उभा राहून वाचतोय.

अजून आहे, तेही ऐक. त्या दिवशी श्टोल्पला तू आईचं बोट धरून दुधाच्या रांगेत होतीस. बेन्नोचा हात माझ्या हातात होता. गर्दीच्या रेट्यात तो सुटला असं मी आईला सांगितलं, ते खोटं होतं. बाकाखाली एक सचित्र साप्ताहिक पडलं होतं, मुखपृष्ठावर समुद्रातलं जहाज. ते उचलायला मी हात सोडला. दोनच पानं उलटली असतील. मान वर केली तर तो नव्हता. ज्या गोष्टीसाठी भावाचा हात सोडला, तीच गोष्ट मी जन्मभर छापत आणि विकत आलो. त्या खुर्चीचं तू अभिनंदन केलंस.

आणि शेवटचं. प्रत्येक पत्र छापून आल्यावर आठवड्याभरात कचेरीत एक पाकीट आलं. अक्षर आईचं, वर लिहिलेलं: बेन्नो के. यांस द्यावे. अशी पाकिटं न फोडता माझ्याकडे आणावीत असं मी पत्रविभागात सांगून ठेवलंय. पाचही माझ्या टेबलाच्या खणात आहेत, बंद. आईने हरवलेल्या लेकराला लिहिलेलं पत्र मी कोणत्या तोंडाने वाचू?

आईला यातलं काही सांगू नकोस. पाया पडतो म्हण.
तुझा लोभ याउपर उरला, तर तोच मला पुष्कळ.
हार्टमूट


ऑयटिन
२३ नोव्हेंबर १९८१

ती. दादास,
स. न. वि. वि.

दोन दिवस तुझ्यावर इतकी चिडले होते की दुकानात खोकल्याच्या जागी पोटदुखीचं औषध देऊन बसले. आता राग थोडा उतरलाय, पण पूर्ण नाही. दहा-अकरा वर्षांच्या पोराने हात सोडला, त्याबद्दल मी तुला काय बोलणार? पण बावीस वर्षांच्या, अठ्ठावीस वर्षांच्या, त्रेचाळीस वर्षांच्या बाप्याने आईला खोटी आस लावली, त्याचं काय? पोटच्या पोराला पाठवतेय अशा समजुतीने तिने पाच पत्रं टपालात टाकली असतील. उत्तर आलं नाही म्हणून किती दिवस वाट पाहिली असेल, याचा विचार तरी करवतो का तुला?

काल मृतांचा रविवार झाला. आम्ही आजीच्या थडग्यावर गेलो. आईने दरवर्षीसारखे तीन दिवे लावले. एक आजीचा, एक लढाईत रशियातच राहिलेल्या बाबांचा. तिसरा कुणाचा असं मी दरवर्षी विचारते आणि ती दरवर्षी सांगते की वाऱ्याने एखादा विझला तर हाताशी असावा. येताना दम लागला तरी तुझ्या नव्या मासिकाची चौकशी चालूच. आरोग्यावरचं आहे म्हटल्यावर बेन्नोचं नाव न घेता म्हणाली की या वेळी पाठदुखीबद्दल लिहिलं तर शोभेल, चाळिशी उलटली आता. मला रडू आलं, थंडीने डोळ्यांत पाणी येतंय म्हणून वेळ मारून नेली.

तिला अशा आशेवर जाऊ द्यायचं नाही. हॅम्बर्गात बसून उंटावरून शेळ्या हाकू नकोस. नाताळला ये, तिच्यासमोर बस आणि स्वतःच्या तोंडाने सांग. मी सांगणार नाही. ते काम माझं नाही.

रागावलेली असले तरी
तुझीच
ट्राउडेल


हॅम्बर्ग
४ जानेवारी १९८२

चि. ट्राउडेल हिस,
अनेक आशीर्वाद.

नाताळात तू दोन्ही दिवस मुद्दाम शेजारी जाऊन बसलीस, ते मला कळलं होतं. तुझी खटपट वाया गेली. मी बोलायला तोंड उघडलं की आई काहीतरी वाढायची. शेवटी मी म्हटलं, आई, श्टोल्पबद्दल बोलायचं आहे. ती हातातलं वाडगं तसंच धरून माझ्याकडे पाहत राहिली, इतका वेळ, की मला खिडकीबाहेर बघावं लागलं. मग तिने विचारलं की अजून एक अंडं घेतोस का. मी नको म्हटलं. तिने वाडग्यावर झाकण ठेवलं आणि स्वयंपाकघरात गेली. 

मग मला जमण्यासारखं होतं तेवढं केलं. आरोग्य-मासिकाचा पहिला अंक सोळा फेब्रुवारीला येतोय. त्यात बेन्नोचं शेवटचं पत्र आहे. तो लिहितो की पाठ दुखते, पण आता कॅनडाला कायमचा चाललोय, तिकडे हे मासिक मिळणार नाही, तेव्हा सगळ्यांचा निरोप घेतो. आईची वाट पाहणं यामुळे तरी संपेल. तू याला भ्याडपणा म्हणशील. म्हण. ते चार परिच्छेद लिहायला मला अख्खा आठवडा लागला आणि शेवटच्या ओळीला हात असा आखडला, जणू कुणी पलीकडून धरून ठेवलाय.

नवी कचेरी अकराव्या मजल्यावर आहे. खाली बंदर दिसतं, जहाजं दिसतात. मी खुर्ची फिरवून भिंतीकडे तोंड करून बसतो.

आईला जप. माझ्या वाटणीची मायाही तूच कर, म्हणजे तिला कमी पडणार नाही.
हार्टमूट


ऑयटिन
३ मार्च १९८२

ती. दादास,
स. न. वि. वि.

अंत्यविधी आटोपल्यावर तू तडक गाडीत बसलास. तेव्हा सांगता आलं नाही, म्हणून लिहिते.

अंक सतराला आला. आईने उशा मागे घेऊन चष्मा लावला आणि सरळ वाचकांची पत्रं काढली. दोनदा वाचलं. मी दाराशी होते, वाटलं आता कोसळते. तर ती हसली, दादा. म्हणाली, शेवटी सोडलं त्याने त्याला, बरं झालं, आता तरी पोटभर जेवेल. मला अर्थ लागला नाही, ग्लानीत बोलतेय असं समजले. कात्री मागून कात्रण कापलं, डब्यात ठेवायला माझ्याकडे दिलं. एकोणीसला सकाळी झोपेतच गेली.

काल डबा रिकामा केला. कात्रणांच्या खाली, तळाशी दुमडलेला सरकारी कागद होता. हरवलेल्या मुलांचा शोध घेणाऱ्या कचेरीने पाठवलेला. त्यात लिहिलंय की श्टोल्प स्टेशनवर एका परिचारिकेला अंदाजे साडेतीन वर्षांचा मुलगा सापडला, तिने त्याला इस्पितळाच्या गाडीत घेतलं, न्यूमोनियाने तिसऱ्या दिवशी तो गेला. निळ्या लोकरी हातमोज्याच्या आत शिवलेल्या पट्टीवर नाव: बेन्नो काल्वाइट. तो मोजाही सोबत आहे. माझ्या तळहातावर मावतो.

तारीख बघ. ९ मे १९५१. तुझ्या पहिल्या पत्राच्या पाच वर्षं आधी. तिसरा दिवा कुणाचा, ते आता कळलं.

आईला सुरुवातीपासून ठाऊक होतं की बेन्नो नाही, आणि पत्रं लिहिणारं कोण तेही. बदकाचं डोकं कुणी चावलं हे जगात आपल्या तिघांनाच माहीत होतं. मग ती पाच पाकिटं तिने कुणाला लिहिली?

फोड ती, दादा. आधी तू वाच, मग मला कळव. मोजा तुझ्यासाठी ठेवलाय.

आता आपण दोघंच आहोत, तेव्हा लोभ दोघांनीच पुरवून वापरायचा.
ट्राउडेल


हॅम्बर्ग
९ मार्च १९८२

चि. ट्राउडेल हिस,
अनेक आशीर्वाद.

फोडली. पहिल्याची जशीच्या तशी नक्कल करतो, मग पुढचं.

"ऑयटिन, ४ ऑक्टोबर १९५६.
चि. हार्टमूट यास आईचे आशीर्वाद.
पाकिटावर बेन्नोचं नाव घातलं, कारण माझं पत्र तुझ्या नावाने आलं तर तू ते घाईत वाचशील. हे सावकाश वाच. तू लिहिलेलं छान आहे, मी रडले आणि हसलेही. बाळा, आपला बेन्नो गेला. पाच वर्षांपूर्वी कागद आला. तू त्याची वाट पाहतोस हे मला दिसत होतं, म्हणून तोंडातून शब्द फुटला नाही. तो तुझ्यामुळे गेला नाही. तू चित्रं बघायला वाकलास ते मी रांगेतून पाहिलं. मलाही वाटलं, बघू दे, किती दिवसांत पोराने काही बघितलं नाही. हाक मारायला हवी होती, ती मी मारली नाही. तीन लेकरांतली दोन सोडून दुधाला मी गेले होते, तू नाही. याबद्दल तोंडाने बोलायला तुला जड जाईल, मलाही जाईल. म्हणून असं कर. रविवारी जेवायला येशील तेव्हा मोहरीची अंडी करीन. हे वाचलं असशील आणि आईला माफ केलं असशील, तर दुसरं अंडं घे. मी काही विचारणार नाही, समजून घेईन.
तुझी आई."

बाकीची लहान होत गेली आहेत. बासष्टमध्ये लिहिलंय की कदाचित पहिलं पत्र पोचलं नाही. सदुसष्टमध्ये, की पोचलं असेल, पण तुझा राग अजून गेला नसेल, तर मी थांबेन. सत्त्याहत्तरच्या पाकिटात एकच ओळ आहे, की तू पुन्हा एकच खाऊन उठलास, पण वाडग्यात आहे अजून.

पंचवीस वर्षं, ट्राउडेल. दर महिन्याला एक रविवार धर. तेवढ्या वेळा तिने वाडगं पुढे केलं आणि तेवढ्या वेळा मी तिला, माफ करणार नाही, असं सांगितलं. नाताळलासुद्धा.

या रविवारी येतो. अंडी कर. मोहरी तिच्याएवढीच घाल. दुसरं तू आपणहून वाढू नकोस. मी मागेन.

हार्टमूट