कै. नाना यांस, मुक्काम हैदराबाद

औरंगाबाद,
९ मार्च १९८९

तीर्थस्वरूप नाना यांस,

धाकट्या चुलतभावाचा, म्हणजे बन्सीचा, शिरसाष्टांग नमस्कार. (तुम्ही वयानं मोठे म्हणून मायना असा. खरं तर या आठवड्यात तुम्हाला ‘चिरंजीव’ लिहायची फार गरज होती.) इकडं आम्ही सगळे खुशाल आहोत. तुमची प्रकृती कशी आहे? हे रिवाज म्हणून विचारत नाही, मनापासून विचारतो आहे. कारण मागच्या आठवड्यात मंगळवारी, अठ्ठावीस फेब्रुवारीला, सकाळी साडेअकरा वाजता आमच्या शाळेत तुम्ही वारलात.

घाबरू नका, सगळं नीट सांगतो. ज्या शाळेत तुम्ही शिकलात तिथंच मी चौदा वर्षं विज्ञान शिकवतो आणि तिथं अजून प्रयोगशाळा नाही, हे तुम्हाला ठाऊकच आहे. एक कपाट आहे. त्यात तीन परीक्षानळ्या, एक सुटं भिंग आणि व्हॉलीबॉलची जाळी. आमच्या मुलींनी लिटमस कागद वहीत रंगपेटीनं रंगवला आहे, आम्लात बुडवून कधी पाहिला नाही. संस्थेचे अध्यक्ष आप्पासाहेब यांच्याकडं मी दर वर्षी अर्ज करतो. एकदा अर्जाला वजन यावं म्हणून मोठमोठ्या शास्त्रज्ञांची चरित्रं जोडली, ती चूक माझीच. त्यांनी ती वाचली (एरवी त्यांना वाचनाचा त्रास नाही). तेव्हापासून प्रत्येक अर्जावर ऐकतो, “क्यूरीबाईनं गळक्या शेडात रेडियम काढलं, सर. तुमचा वर्ग तं अजून एकाच कोपऱ्यात गळतोय.” रामन यांचं उपकरण शे-दोनशे रुपयांतलं होतं, हे तर ते आता झोपेतही सांगत असतील. आणि जगदीशचंद्र बोसांनी गोऱ्यांपेक्षा कमी पगार मिळतो म्हणून निषेधात तीन वर्षं पगारच घेतला नाही, हे वाचून त्यांचे डोळे पाणावले आणि त्यांनी आम्हा सगळ्या शिक्षकांकडं मोठ्या आशेनं पाहिलं.

असो. यंदा विज्ञान दिनाला शास्त्रज्ञांच्या तसबिरी लावायचं ठरलं. भिंतीत खिळे बारा, तसबिरी मिळाल्या अकरा. आमच्या पोरांना वाटतं, शास्त्रज्ञ एक तर परदेशात होतात नाही तर बंगालात. आपल्या लासूर स्टेशन गावातही होतो हे त्यांना दिसावं, म्हणून मी तुमच्या आईकडून, आपल्या मोठ्या आईकडून, तुमचा जुना फोटो आणला आणि शहागंजात गयासभाईंकडं मोठा करून चौकटीत बसवायला दिला. गयासभाई मराठी अक्षर मोत्यासारखं काढतात, पण बोलणं सगळं दख्खनीत. फोटो बघून त्यांनी आवाज खाली आणला आणि विचारलं, “साब कब गए?”

मी म्हटलं, “एकोणसत्तर साली.”

“कैसे गए?”

म्हटलं, “रेल्वेनं.”

“या अल्ला! भरी जवानी में!” म्हणाले, आणि मजुरी निम्मीच घेतली. मला तेव्हाच संशय यायला पाहिजे होता. माणूस हैदराबादला गेला म्हणून कुणी मजुरी कमी करत नाही.

तसबीर थेट कार्यक्रमाच्या सकाळी कागदात गुंडाळून आली. मी अंगणात पोरींच्या रांगा लावत होतो. आमच्या शाळेच्या शिपाई सारजाबाई यांनी ती उघडली, खालची सुबक अक्षरं वाचली: ‘कै. डॉ. नानासाहेब. मृत्यू १९६९, रेल्वे अपघात.’ त्यांनी ताबडतोब हार घातला, उदबत्ती लावली आणि डोळ्यांना पदरही लावला. (तुम्हाला त्यांनी कधी पाहिलेलं नाही, पण बाई मनानं चांगल्या आहेत.) मी आत आलो तेव्हा आप्पासाहेब तसबिरीसमोर उभे राहून बोलायला लागले होते. बाजरीवर पडणाऱ्या ‘गोसावी’ रोगावर तुम्ही वीस वर्षं काम करता आहात, असं मी त्यांना कागदावर लिहून दिलं होतं. त्यातली बाजरी आणि रोग त्यांनी गाळला आणि भरल्या गळ्यानं सांगितलं की नानासाहेबांनी वीस वर्षं गोसाव्यांची सेवा केली. एकोणसत्तरला वारलेल्या माणसाला ही वीस वर्षं कुठून मिळाली, हे कुणी विचारलं नाही. गणिताचे सर रजेवर होते. “असा माणूस आज पाहिजे होता, मी त्याचा शब्द खाली पडू देला नसता,” असंही ते म्हणाले. प्रयोगशाळेसाठी तुम्ही त्यांना पंच्याऐंशी साली तीन पत्रं लिहिली होती. तिन्ही त्यांच्या टेबलाच्या डुगडुगणाऱ्या पायाखाली घडी करून ठेवलेली मी या डोळ्यांनी पाहिली आहेत.

मी खरं सांगायला उठलो, देवाशपथ उठलो. तेवढ्यात त्यांनी दोन मिनिटं स्तब्ध उभं राहायला सांगितलं. आता स्तब्धतेत बोलायचं कसं? आणि ती संपते न संपते तोच त्यांनी जाहीर केलं, “कैलासवासी डॉक्टर नानासाहेब स्मृती प्रयोगशाळा! जूनमधी उद्घाटन!” टाळ्या पडल्या आणि मी उघडलेलं तोंड मिटलं. नाना, जित्या माणसाच्या तीन पत्रांनी आणि माझ्या चौदा अर्जांनी जे झालं नाही, ते एका हारानं झालं. मला लाज वाटली, आप्पासाहेबांचा संताप आला, आणि खोटं कशाला सांगू, आनंदही झाला. बाहेर नववीतली एक मुलगी विचारायला आली, “सर, आता लिटमस खरंच बुडवायचा?” मी व्हय म्हणून बसलो.

तरी कळकळीची विनंती, की जूनपर्यंत तुम्ही मेलेलेच राहावं. वर्तमानपत्रात नाव येऊ देऊ नये. एखादा शोध लागत आलाच असेल तर चार महिने दाबून धरावा. भिंती उभ्या राहिल्या, नळ आले, की मग हवं तर जिवंत व्हावं. लोभ आजवर होता तसा मरणोत्तरही ठेवावा.

आपला आज्ञाधारक,
बन्सी

ता. क. : उद्घाटनाला आप्पासाहेबांना एक खराखुरा शास्त्रज्ञ पाहिजे. मला तुमच्याखेरीज एकही ठाऊक नाही. तेव्हा दाढी वाढवून, दुसरं नाव घेऊन यावं. तसबिरीवरून कुणी ओळखील ही भीती नको, हार फार मोठा आहे.

ता. क. दुसरा : वरचं सगळं एका बाजूला ठेवा. आमची लासूरची पोरं रोज रेल्वेनं येऊन-जाऊन शिकतात, त्यांनी बातमी त्याच दिवशी घरी नेली. दोन दिवस माणसं मोठ्या आईच्या दारात बसून गेली. ती प्रत्येकाला सांगायची, “नाना हैदराबादेत हाय, चांगला हाय.” लोक एकमेकांकडं बघायचे. मग एका बाईनं विचारलं, “हाय तं मंग सात वर्षांत आला का नाय?” मी जाऊन सगळा घोटाळा सांगितला, तरी मोठ्या आईनं तुमची तसबीर कुठं आहे एवढंच विचारलं. नाना, जूनची वाट पाहू नका. आप्पासाहेबांचं आणि प्रयोगशाळेचं मी बघतो. मी निघालो तेव्हा ती म्हणाली, “बन्सी, त्याला लिव्ह. लोकं म्हंतेत गेला. पर उंबऱ्यातून निघताना तो जातो नव्हता म्हनला. येतो म्हनला व्हता.”