लोंग सेराई येथील लाकडाच्या प्रतीबाबत

पुंगोल, सिंगापूर
दिनांक : १४ ऑगस्ट २०१४

प्रति,
मा. कार्यवाह,
स्मरणिका उपसमिती,
पुंगोल-सेरंगून मराठी मित्रमेळा, सिंगापूर
(कार्यालय : अर्जदार राहतो त्याच फ्लॅटमधील मागची खोली)

विषय : गणेशोत्सव स्मरणिकेतील 'लाकडाचे गाव' या लेखातील पान एकेचाळीसवरचे एक वाक्य छपाईपूर्वी बदलून मिळण्याबाबत.

संदर्भ : काल रात्रीच्या जेवणात वरण वाढताना आपण दिलेली तोंडी सूचना, "बाबा, आता काहीही बदलायचं असेल तर लेखी अर्ज द्या. घरचे म्हणून सूट नाही."

महोदया,

१. अर्जदार मेळ्याचा आजीव सभासद असून नात्याने आपला सासरा आहे. यातील दुसरी बाब निर्णय घेताना विचारात घेऊ नये, अशी आपल्याप्रमाणेच अर्जदाराचीही इच्छा आहे. चि. अवनी हिने "आजोबा, जस्ट टेल मम्मी ला" असा सल्ला दिला होता. तो नियमात बसत नसल्याने व अन्य एका कारणाने स्वीकारता आला नाही. ते कारण शेवटी येईल.

२. पान एकेचाळीसवर पुढील वाक्य आहे : "कै. सौ. सुचित्रा हिच्या दहनासाठी वखारीतून नाकारलेले, म्हणजे शेवटच्या प्रतीचे लाकूड देण्यात आले." हे वाक्य अर्जदाराने स्वतः लिहिले असून ते साफ खोटे आहे. खोटे आहे हे अर्जदारास गेल्या रविवारी समजले. दरम्यान आपले यजमान चि. रुचिर यांनी घरी आलेले मुद्रित वाचले, पान एकेचाळीसवर थांबले आणि पुढचे न वाचता बाल्कनीत जाऊन उभे राहिले. आपण तेव्हा मीटिंगमध्ये होता, म्हणून नमूद करीत आहे.

३. लेख आपण व्याकरणासाठी तपासला आहे, मजकुरासाठी नाही, असे आपणच म्हणाला होता. म्हणून पार्श्वभूमी थोडक्यात देतो. लोंग सेराई हे बोर्निओतील एका नदीकाठचे गाव सिंगापूरच्या एका लाकूड कंपनीने १९७३ साली जंगल तोडण्यासाठी वसवले. पोचायला नदीशिवाय वाट नव्हती. तेथे लाकडाखेरीज काहीच नव्हते. घरे लाकडाच्या खांबांवर, रस्ते फळ्यांचे, गटारे फळ्यांची, दवाखाना लाकडी, दुकान लाकडी. चि. रुचिर चालायला लागले ते फळ्यांवर, जमिनीला त्यांचे पाय क्वचितच लागले. झाडे तोडणारे तिथले आदिवासी इबान, करवतीवर चिनी, होड्यांवर मलय, आणि मराठी घरे दोन. एक अर्जदाराचे, तो लाकूड कापण्याच्या गिरणीचा यंत्रदुरुस्त्या होता. दुसरे श्री. पद्माकर सोवनी यांचे, ते प्रत ठरवणारे होते. लाकूड बघून, ठोकून, हुंगून त्याची प्रत सांगायची आणि टोकाला रंगाची खूण करायची, हे त्यांचे काम. पहिल्या प्रतीला पांढरा ठिपका. नाकारलेल्याला लाल फुली. सोवनींच्या खुणेवर सिंगापुरात जहाजे डोळे मिटून उतरवून घेत.

४. पुढे जवळची झाडे संपली. मग लांबची संपली. १९८४ साली कंपनीने गाव बंद केले, आणि घरांचे लाकूड चांगले आहे हे लक्षात आल्याने गावच कापून विकण्याचा हुकूम पाठवला. त्यामुळे गिरणीने सर्वांत शेवटी जे कापले ते लोंग सेराई. दवाखाना, दुकान, रस्ते, सगळे मापात कापून नदीने रवाना झाले. करवत चालू ठेवण्याची जबाबदारी अर्जदाराची होती व ती त्याने चोख पार पाडली. स्वतःच्या घराच्या वेळीही पट्टा घसरू दिला नाही. उपसमितीने लेखाला 'घोस्ट टाउन' असे उपशीर्षक सुचवले होते, त्यास अर्जदाराची हरकत आहे. भुतांना राहायला निदान पडकी घरे लागतात. तीन वर्षांपूर्वी अर्जदार व चि. रुचिर तेथे गेले असता एक बॉयलर आणि त्यातून वर गेलेले झाड एवढेच सापडले. ते छायाचित्र लेखासोबत दिले होते. त्यावर "यात गाव दिसत नाही, कृपया दुसरा फोटो द्यावा" असा आपला शेरा आहे.

५. दुजोऱ्याच्या नियमाबद्दल. मागील स्मरणिकेत दोन सभासदांनी आपापले आजोबा सिंगापुरात पाऊल ठेवणारे पहिले मराठी गृहस्थ असल्याचे लेख दिले, ते समोरासमोरच्या पानांवर छापले गेले आणि दोन्ही घरांनी आरतीला येणे बंद केले. तेव्हापासून ऐतिहासिक मजकुरास माहितगार सभासदाची सही लागते, व सहीनंतर त्याच्या संमतीवाचून अक्षर बदलता येत नाही. नियम उत्तम आहे. अडचण एवढीच की लोंग सेराई जाणत्या वयात पाहिलेले दुसरे सभासद श्री. सोवनी हेच आहेत आणि अर्जदाराने त्यांच्याशी १९८१ पासून बोलणे टाकले आहे. सेरंगूनला ते लेकीकडे राहायला आल्यापासून उत्सवात ते डावीकडे बसतात, म्हणून अर्जदार उजवीकडे बसतो. लेखाचे कागद आपणच त्यांच्याकडे नेऊन आणलेत. त्यांनी भोंग्याची वेळ, धुराड्याची उंची, दुकानदाराच्या कुत्र्याचा रंग अशा मिळेल तिथे चुका काढल्या. पान एकेचाळीसवर मात्र एका स्वल्पविरामालाही हात न लावता सही केली.

६. आता मूळ बाब. सुचित्रा १९८१ च्या पावसाळ्यात तापाने गेली. नदीला पूर होता, होडी निघाली नाही, डॉक्टर आला नाही. चि. रुचिर चार वर्षांचे होते. दुसऱ्या दिवशी काठावर चिता रचली गेली. अर्जदाराने पाहिले तर प्रत्येक फळीच्या टोकाला लाल फुली होती, रंग अजून ओला होता. सगळ्या मुलखाचे लाकूड ज्या गावातून जात होते, तेथे माझ्या बायकोच्या वाट्याला नाकारलेले यावे, आणि ते आमच्याच माणसाने काढून द्यावे, हे मला सहन झाले नाही. महोदया, आजही होत नाही. त्या दिवसापासून सोवनींचे तोंड पाहिले नाही. एकाच फळ्यांच्या रस्त्यावर समोरासमोर राहून तोंड न पाहणे किती कठीण असते, याची आपल्या पिढीला कल्पना नाही.

७. गेल्या रविवारी मेळ्याची सायकल सहल पुलाउ उबीन बेटावर गेली. गुडघ्यांमुळे सायकल वर्ज्य असलेले सभासद दोनच निघाले, आणि संयोजकांनी त्या दोघांना बंबोटीच्या, म्हणजे बेटावर ने-आण करणाऱ्या लहान होडीच्या, धक्क्यावर सर्वांच्या पिशव्या राखायला बसवले. बराच वेळ आम्ही पिशव्या राखल्या. मग सोवनींनी छत्रीच्या टोकाने धक्क्याची फळी ठोकली आणि कोणालाच न उद्देशून म्हणाले, "दुसऱ्या प्रतीचं आहे." अर्जदाराच्या तोंडून निघून गेले, "तुम्हाला प्रत कळते, ते मी पाहिलंय."

त्यावर ते जे बोलले ते शब्दशः देतो. "अहो खांबेटे, तो पहिल्या प्रतीचा कापूर होता. शेडमध्ये वर्षभर वाळवलेला. वहिनींना मी नाकारलेलं लाकूड देईन, असं वाटलं तुम्हाला?"

८. खुलासा असा. कापूर हे बोर्निओतील उंची लाकूड, त्याला आपल्या कापराचाच वास येतो. गावभर तोच वास असल्याने अर्जदारास त्या दिवशी वेगळे काही जाणवले नाही. गावात लाकूड अमाप होते पण सगळे ओले, नदीतून आलेले, त्यात पाऊस. जळण्याजोगे कोरडे म्हणाल तर निर्यातीचे तेवढेच. ते सिंगापूरच्या परवानगीशिवाय शेडबाहेर निघत नसे, आणि पुराचे पाणी शिरल्याने बिनतारी यंत्र बंद होते. नाकारलेल्या लाकडाला परवानगी लागत नसे. म्हणून सोवनींनी पहाटे शेडमध्ये जाऊन पांढरे ठिपके खरवडले आणि निवडून काढलेल्या एकेका फळीवर स्वतःच्या हाताने लाल फुली मारली.

"मग इतकी वर्षं सांगितलं का नाहीत?" असे अर्जदाराने विचारले. ते म्हणाले, "तुम्ही बोलत होतात कुठे?"

९. अर्जदाराने तेथेच दुरुस्तीसाठी संमती मागितली. ती श्री. सोवनी यांनी नाकारली. त्यांचे म्हणणे, "आयुष्यभर माझ्या खुणेवर जहाजं भरली. एक खूण खोटी होती असं छापून आलं, तर बाकीच्यांवर कोण विश्वास ठेवणार?" कंपनी उरली नाही, जहाजे भंगारात गेली, लाकूडही कुठे राहिले नाही, आता तपासायला येणार कोण, असे अर्जदाराने विचारले. "मी आहे ना," असे ते म्हणाले. श्री. सोवनी हट्टी आहेत असे अर्जदाराचे मत होते. ते मत कायम आहे. परत येताना त्यांची पिशवी अर्जदाराने धरली, कारण बंबोट हलत होती.

१०. तेव्हा विनंती अशी की, पान एकेचाळीसवरील वाक्य काढून त्या जागी पुढील वाक्य घ्यावे : "सुचित्रा खांबेटे हिचे दहन पहिल्या प्रतीच्या कोरड्या कापूर लाकडावर झाले." लाकूड कोणी दिले, कसे दिले, खुणा कसल्या होत्या, यातले काहीही छापू नये, म्हणजे कोणाच्या खुणेला बाधा येणार नाही. संमतीवाचून एवढेही करता येत नसेल तर संपूर्ण लेख मागे घेण्यास अर्जदार तयार आहे. गिरणी, भोंगा, धुराडे, कुत्रा, काहीही छापले नाही तरी चालेल. रिकाम्या झालेल्या पानांवर उकडीच्या मोदकांच्या पाककृती घ्याव्यात, त्या आल्या आहेत असे ऐकतो. फक्त हे एक वाक्य कोठेतरी छापावे. जाहिरातींच्या पानावर, तळाशी, बारीक टाइपात चालेल. सुचित्रा त्या गावात राहून गेली हे सांगणारा दुसरा कागद जगात नाही.

११. आता पहिल्या परिच्छेदात म्हटलेले कारण. ही हकीकत चि. रुचिर यांना सांगणे अर्जदाराचे काम आहे. सोमवारपासून अर्जदार रोज त्यांच्यासमोर चहाला बसतो आणि हवामानाविषयी बोलून उठतो. आईविषयी आम्हा दोघांत कधी बोलणे झालेले नाही, आता सुरुवात कोठून करावी हे अर्जदारास कळत नाही. लिहिता मात्र आले. म्हणून हा अर्ज मंजूर होवो अथवा नामंजूर, उपसमितीची बैठक होण्याची वाट न पाहता, आज रुचिर ऑफिसातून आला की आधी त्याला वाचायला द्यावा.

निकालासाठी शेजारच्या खोलीत थांबलेला,

निशिकांत अनंत खांबेटे
आजीव सभासद